कळसूबाईची उंची आणि आमची तीन दिवसांची खडाखडी

मराठी विकिपीडियावर कळसूबाईची उंची मी १६४६ लिहिली. एकांनी ती ५४०० केली. मी उलटवली, त्यांनी परत बदलली. तीन दिवस हेच. शेवटी वैतागून प्रचालकांना (विकिपीडियाची देखरेख करणाऱ्या सदस्यांना) लिहिलं, यांना रोखा. त्यांनी कोणालाच रोखलं नाही. लेखच आठवडाभर सुरक्षित केला, म्हणजे दोघांचेही हात बांधले, आणि चर्चा पानावर पिटाळलं. (तिथे आधीच जायला हवं होतं, पण डोकं तापलेलं.) तिथे उलगडा झाला: मी मीटरमध्ये, ते फुटांत, आणि एकक दोघांनीही टाकलेलं नाही! १६४६ मीटर म्हणजे ५४०० फूटच की. आता दोन्ही आकडे आहेत, एककासह, संदर्भासह. संपादनाचा सारांश, म्हणजे काय बदललं आणि का हे सांगणारी ओळ, मी हल्ली रिकामा सोडत नाही.