घरच्या ओव्हनमध्ये सुक्यामेव्याचे बार

बाजारातल्या सुक्यामेव्याच्या बारचे पाकीट उलटून घटकांची यादी वाचली, तर साखर किंवा ग्लुकोज सिरप यांची नावे पुष्कळदा बदामाच्याही आधी आढळतात. आणि घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने छापण्याचा नियम असल्यामुळे आपण नेमके कशाचे पैसे मोजतो आहोत, हे तिथेच स्पष्ट होते. घरी बार करण्यामागचे खरे कारण तेच आहे. गोड पाकाचे काम येथे फक्त दाणे एकमेकांना धरून ठेवण्याचे असावे, आणि ते होईल इतकाच पाक घालावा. पुढील प्रमाण त्याच हिशेबाने दिले आहे. ते २० सेंटिमीटर लांबी-रुंदीच्या चौकोनी टिनासाठी असून त्यात लहान आकाराचे २० बार होतात.

या बारमध्ये दोन थर असतात. खालचा थर नानकटाईच्या जातीचा, खुसखुशीत. वरचा थर गुळाच्या पाकात घोळलेल्या सुक्यामेव्याचा. खालच्या थरासाठी १०० ग्रॅम मैदा, ५० ग्रॅम कणीक, १०० ग्रॅम बटर, ५० ग्रॅम पिठीसाखर आणि चिमूटभर मीठ घ्यावे. बटर मिठाचे असेल तर वेगळे मीठ घालू नये. वरच्या थरासाठी ८० ग्रॅम बदाम, ६० ग्रॅम काजू, ४० ग्रॅम अक्रोड, ४० ग्रॅम शेंगदाणे, ४० ग्रॅम बेदाणे, ९० ग्रॅम गूळ, ४० ग्रॅम बटर आणि ३० ग्रॅम मध लागतो. वाटी-चमच्याच्या मापाने हा पदार्थ करू नये. बारीक चिरलेला गूळ वाटीत किती दाबून भरला यावर त्याचे वजन बरेच बदलते आणि पाकाचे सगळे गणित बिघडते. स्वयंपाकघरातला छोटा डिजिटल काटा येथे उपयोगी पडतो.

खरेदीसाठी नाशिकमध्ये रविवार कारंजा किंवा मेन रोडच्या बाजारात गेल्यास अख्खा, मोठा काजू घेण्याचे कारण नाही. पाकळी किंवा तुकडा काजू स्वस्त मिळतो आणि बारमध्ये तो तसाही चिरायचाच असतो. अक्रोड मात्र चाखून घ्यावा. त्यातले तेल हवेने लवकर खराब होते आणि एक खवट अक्रोड संपूर्ण घाण्याची चव बिघडवतो. बेदाण्यांसाठी नाशिककरांना लांब जावे लागत नाही, ते जिल्ह्यातच तयार होतात. बिनबियांची द्राक्षे पोटॅशियम कार्बोनेट आणि इथाइल ओलिएट यांच्या द्रावणात बुडवून शेडच्या सावलीत जाळ्यांवर साधारण पंधरा दिवस वाळवली जातात. या द्रावणाने सालीवरचा मेणचट थर सैल होतो, पाणी लवकर निघून जाते आणि बेदाण्याचा हिरवट-पिवळा रंग टिकतो. चार किलो द्राक्षांतून जेमतेम एक किलो बेदाणा हाती येतो, हे लक्षात घेतले की त्याचा भाव फारसा खटकत नाही. बारसाठी बोटांनी दाबल्यावर दबणारा मऊ बेदाणा निवडावा, कारण ओव्हनमध्ये तो आणखी वाळणार असतो. तो धुऊन, कापडावर पुसून कोरडा करावा, भिजवू नये.

गूळ निवडताना चिक्कीचा गूळ टाळावा. तो कडक आणि काचेसारखा जमावा यासाठीच असतो, तर आपल्याला दाताखाली तुटणारा पण दात न दुखवणारा बार हवा आहे. रोजच्या वापरातला, फार गडद नसलेला साधा गूळ येथे योग्य ठरतो. पाश्चात्त्य कृतींमध्ये या ठिकाणी साखर आणि क्रीम असते. परंतु साखरेच्या जागी गूळ घालून क्रीम तसेच ठेवणे धोक्याचे आहे. उकळत्या दुधात गूळ घातला की दूध फाटते, हे खीर करणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असते आणि क्रीमलाही तोच धोका असतो. म्हणून या कृतीत क्रीम अजिबात नाही; मऊपणाचे काम बटर आणि मध करतात.

प्रथम सुकामेवा भाजून घ्यावा. ओव्हन १६० अंश सेल्सिअसला दहा-पंधरा मिनिटे तापवून बदाम आठ ते दहा मिनिटे, काजू सहा-सात मिनिटे आणि अक्रोड पाच मिनिटे वेगवेगळे भाजावेत. सगळे एकत्र भाजल्यास अक्रोड करपतो आणि बदाम कच्चा राहतो. शेंगदाणे कढईत मंद आचेवर खमंग भाजून, साले काढून, पाखडून घ्यावेत. बदाम सुरीने उभे दोन-तीन तुकडे होतील इतकेच चिरावेत. मिक्सरमध्ये फिरवण्याचा मोह आवरावा, कारण त्यातून निघणारा चुरा पाक शोषून घेतो आणि मोठे तुकडे मात्र सुटे राहतात.

खालच्या थरासाठी मैदा, कणीक, पिठीसाखर आणि मीठ एकत्र करून त्यात थंड बटरचे तुकडे बोटांच्या टोकांनी चोळावेत. पीठ रवाळ दिसू लागले आणि मुठीत दाबल्यावर त्याचा मुटका होऊ लागला की थांबावे. मळू नये; मळल्याने मैद्यातले ग्लुटेन ताणले जाते आणि थर खुसखुशीत होण्याऐवजी चिवट होतो. बटरऐवजी साजूक तूप वापरायचे असल्यास १०० ग्रॅमच्या जागी ८० ग्रॅम घ्यावे, कारण बटरमध्ये सुमारे ८० टक्केच स्निग्धांश असतो आणि उरलेल्यात बहुतांश पाणी असते. ते पाणी भरून काढण्यासाठी एक मोठा चमचा थंड दूध शिंपडावे. टिनाला दोन बाजूंनी बाहेर येईल असा बटर पेपर लावून त्यावर हे मिश्रण पसरावे, सपाट बुडाच्या वाटीने घट्ट दाबावे, काट्याने टोचे मारावेत आणि १७० अंशांवर १८ ते २० मिनिटे, कडा सोनेरी होईपर्यंत भाजावे. हा थर आधी भाजून घेतला नाही, तर वरच्या पाकातला ओलावा त्यात मुरतो आणि बार तळाशी कच्चा लागतो.

आता पाक. जाड बुडाच्या पातेल्यात गूळ आणि एक मोठा चमचा पाणी घालून मंद आचेवर गूळ विरघळवावा आणि गाळून घ्यावा, कारण सुट्या गुळात कधी कधी उसाच्या काड्या किंवा बारीक खडे असतात. पातेले धुऊन त्यात पुन्हा हा पाक, बटर आणि मध घालून मध्यम आचेवर ढवळत राहावे. सुरुवातीला बुडबुडे मोठे आणि भराभर फुटणारे असतात. पाणी आटत गेले की ते लहान, दाट आणि संथ होतात. या टप्प्यावर थंड पाण्याच्या वाटीत एक थेंब टाकून पाहावा. तो विरघळून पसरला, तर पाक कच्चा आहे. बोटांनी गोळा करता आला आणि पाण्याबाहेर काढताच चिमटीत सपाट झाला, तर पाक तयार आहे. वाटीच्या बुडावर आपटून टणटण वाजणारी गोळी झाली, तर पाक पुढे गेला आहे. अशा वेळी दोन चमचे गरम पाणी घालून त्याला मागे आणता येते. चिक्की करणाऱ्या हाताला त्या वाजणाऱ्या गोळीपर्यंत थांबण्याची सवय असते. येथे मात्र पाक पुढे ओव्हनमध्येही शिजणार आहे, म्हणून मऊ गोळीलाच पातेले उतरवावे.

थर्मामीटर वापरणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर उंचीवर असल्याने येथे पाणी १०० नव्हे, तर साधारण ९८ अंशांना उकळते आणि पाकाचे सगळे टप्पेही तेवढेच खाली येतात. परदेशी किंवा मुंबईच्या कृतीत ११२ अंश लिहिले असतील, तर येथे ११० अंशांना थांबावे. शंका असल्यास आधी नुसते पाणी उकळून थर्मामीटर काय दाखवतो ते पाहावे आणि १०० पासूनचा फरक वजा करावा. दोन अंश क्षुल्लक वाटतात खरे, पण चावता येणारा बार आणि बत्त्याने फोडावा लागणारा बार यांच्यात कधी कधी तेवढेच अंतर असते.

उतरवलेल्या पाकात आधी बेदाणे आणि मग भाजलेला सुकामेवा घालून भराभर घोळावे. मिश्रण खालच्या थरावर ओतून, तूप लावलेल्या उलथन्याने कोपऱ्यांपर्यंत पसरावे. वर दिसणारे बेदाणे चमच्याने दाण्यांच्या खाली ढकलावेत, नाहीतर ते फुगून करपतात आणि कडू लागतात. टिन मधल्या जाळीवर ठेवून १६० अंशांवर १४ ते १६ मिनिटे भाजावे. घरगुती ओटीजीमध्ये, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये, वरचा रॉड टिनाच्या फार जवळ असतो, म्हणून शेवटची पाच मिनिटे तो बंद ठेवून फक्त खालचा चालू ठेवणे बरे. कडांबरोबर मधोमधही बुडबुडे दिसू लागले की टिन बाहेर काढावा. त्या वेळी वरचा थर सैल आणि हलता असतो. तो आणखी भाजण्याची घाई करू नये, निवताना तो आपोआप बसतो.

वड्या पाडण्याची वेळ चुकली की सगळे श्रम वाया जातात. अर्ध्या तासाने, टिन उघड्या हाताने धरवेल इतका कोमट झाल्यावर, बटर पेपरच्या कडा धरून संपूर्ण चौकोन पोळपाटावर काढावा. लांब पात्याच्या जड सुरीला तुपाचा हात लावून ती वरून सरळ खाली दाबावी, करवतीसारखी मागेपुढे ओढू नये. पूर्ण गार झाल्यावर कापल्यास वरचा थर तडकतो, फार गरम असताना कापल्यास तो सुरीबरोबर ओढला जातो.

बार पूर्ण गार झाल्यावर घट्ट झाकणाच्या कोरड्या डब्यात, प्रत्येक थराखाली बटर पेपर घालून ठेवावेत. नाशिकच्या कोरड्या थंडीत ते पंधरा दिवस उत्तम राहतात. पावसाळ्यात मात्र गूळ हवेतला ओलावा ओढतो आणि तीन-चार दिवसांत बार चिकट होऊ लागतात, म्हणून त्या महिन्यांत अर्धाच घाणा करावा. लहान मुलांना अख्खे दाणे घशात अडकण्याचा धोका असल्याने त्यांच्यासाठी सुकामेवा अगदी बारीक चिरून वेगळा टिन लावावा. चिकट झालेले बार ट्रेमध्ये सुटे मांडून १४० अंशांवर आठ-दहा मिनिटे पुन्हा गरम केले आणि ओव्हनबाहेर गार होऊ दिले, की खालचा थर पुन्हा खुसखुशीत होतो.