न्यू जर्सीत नवीन आलात? तुमचं टाऊनशिप नक्की कुठलं ते आधी बघा

गेल्या महिन्यात मंडळाच्या कार्यक्रमात पुण्याहून नुकतंच आलेलं एक जोडपं भेटलं. प्रिन्स्टनमध्ये घर भाड्याने घेतलंय, मुलाला तिथल्या शाळेत घालणार असं आनंदाने सांगत होते. मी कॉम्प्लेक्सचं नाव विचारलं आणि पोटात गोळाच आला, कारण 2009 मध्ये मी हीच चूक केली होती.

तेव्हा एजंटने दाखवलेल्या अपार्टमेंटच्या पत्त्यावर स्वच्छ प्रिन्स्टन लिहिलेलं, झिपकोडही 08540. लीजवर सही केली, भाडं आमच्या ऐपतीपेक्षा जास्त होतं पण शाळेसाठी म्हटलं चालेल. ऑगस्टमध्ये मुलीचं नाव घालायला गेलो तर तिथल्या बाईंनी पत्ता कॉम्प्युटरवर टाकला आणि शांतपणे म्हणाल्या, तुम्ही आमच्या हद्दीत नाही, तुमचं टाऊनशिप वेगळं आहे. (इथे टाऊनशिप म्हणजे घरांची वसाहत नव्हे, गावाचं स्थानिक सरकार.) लीज मोडलं, डिपॉझिट गेलं, वर दोन महिन्यांचं भाडं भरलं. त्या वर्षी आईबाबांना बोलवायचं होतं, ते राहून गेलं. ती गोष्ट अजून टोचते.

तर नीट समजून घ्या. पत्त्यातलं गावाचं नाव पोस्ट ऑफिस ठरवतं, टपाल कुठून वाटायचं त्याच्या सोयीने. तुमचं सरकार कुठलं ते राज्याचा कायदा ठरवतो. ह्या दोघांचा एकमेकांशी काही संबंध असेलच असं नाही. 08540 मध्ये प्रिन्स्टनबरोबर साऊथ ब्रन्सविक, प्लेन्सबरो, वेस्ट विंडसर, लॉरेन्स ह्यांचेही तुकडे येतात. प्रिन्स्टन जंक्शन वेस्ट विंडसरमध्ये आहे, केंडल पार्क साऊथ ब्रन्सविकमध्ये. आणि ज्या इझलिनला आपण सगळे किराणा आणायला जातो, ते कायद्याच्या दृष्टीने स्वतंत्र गावच नाही, वुडब्रिज टाऊनशिपचा भाग आहे. इझलिनचा मेयर नसतो, इझलिनचं कोर्ट नसतं. ओक ट्री रोडवर पार्किंगचं तिकीट मिळालं तर आधी बघा ते एडिसनचं आहे की वुडब्रिजचं, रस्ता एकच पण कोर्टं दोन. तिकिटावर कोर्टाचं नाव छापलेलं असतं, तिथेच पैसे भरा.

आपल्याकडे लोकसंख्या वाढली की ग्रामपंचायतीची नगरपंचायत, मग नगरपरिषद, मग महानगरपालिका असं साधारण डोक्यात बसलेलं असतं, म्हणून सिटी म्हणजे मोठी आणि टाऊनशिप म्हणजे खेडं असं वाटतं. इथे तसं अजिबात नाही. कायद्यात पाच प्रकार आहेत: बरो, टाऊनशिप, सिटी, टाऊन आणि व्हिलेज. कुठलाही प्रकार दुसऱ्यापेक्षा वरचा नाही. एडिसन लाखाच्या वर वस्ती असून टाऊनशिप आहे आणि दक्षिणेला कॉर्बिन सिटी पाचशे माणसांच्या आत असून सिटी. 21 काउंट्या (म्हणजे राज्याचे जिल्हे) आणि त्यात 564 म्युनिसिपालिट्या, एवढ्याशा राज्यात! प्रत्येक इंच जमीन कुठल्या ना कुठल्या म्युनिसिपालिटीत येतेच, त्यामुळे ‘आम्ही कुठेच येत नाही’ असं होत नाही.

एवढे तुकडे का, तर 1894 मध्ये कायदा आला की एका टाऊनशिपचा एकच शाळा जिल्हा (स्कूल डिस्ट्रिक्ट, म्हणजे त्या हद्दीतल्या शाळा चालवणारी संस्था). मग आपल्या कराचे पैसे शेजारच्या वस्तीच्या शाळेला जाऊ नयेत म्हणून लोकांनी धडाधड वेगळे बरो काढले, बर्गन काउंटीत तर लाटच आली. प्रिन्स्टनही 2012 संपेपर्यंत दोन होती, बरो वेगळं आणि त्याच्याभोवती टाऊनशिप वेगळं, 1 जानेवारी 2013 ला एक झाली. मेटाचनचा नकाशा बघा, चारही बाजूंनी एडिसन आणि मध्ये हे वेगळं बरो. शाळा, कर आणि हद्द इथे पहिल्यापासून एकमेकांत अडकलेत. वेस्ट विंडसर आणि प्लेन्सबरो सरकारं दोन, पण शाळा जिल्हा एक, असंही असतं.

म्हणून सही करायच्या आधी घरमालकाला प्रॉपर्टी टॅक्सचं बिल दाखवायला सांगा. त्यावर म्युनिसिपालिटीचं खरं नाव आणि ब्लॉक-लॉट नंबर, म्हणजे त्या जागेचा सरकारी क्रमांक, असतो. मग शाळा जिल्ह्याच्या ऑफिसला स्वतः फोन करून पूर्ण पत्ता सांगा. एजंटचं ऐकू नका, व्हॉट्सॲप ग्रुपवर तर मुळीच विश्वास ठेवू नका, तिथे दहा वर्षं राहिलेले लोकही सगळ्याला एडिसनच म्हणतात.

घर विकत घेतलंत तर टॅक्स फेब्रुवारी, मे, ऑगस्ट, नोव्हेंबरच्या एक तारखेला. बिल मिळालं नाही ही सबब चालत नाही, व्याज लागतं.

ड्रायव्हिंग लायसन्सचं काम मात्र राज्याचं, टाऊनशिपचं नाही.

घर घेतल्यावर पंधरा दिवसांत सरकारी दिसणारी पत्रं यायला लागतात, डीडची, म्हणजे खरेदीखताची, कॉपी हवी असेल तर इतके डॉलर पाठवा वगैरे. वर गरुड, ढाल, शिक्का, सगळं असतं. राज्याची खरी मुद्रा 1777 ची आहे, ढालीवर तीन नांगर, वर घोड्याचं डोकं आणि दोन बाजूंना स्वातंत्र्य आणि समृद्धीच्या दोन स्त्रिया. प्रत्येक काउंटीची आणि टाऊनशिपची मुद्रा वेगळी. पण नुसत्या शिक्क्यावर जाऊ नका, टाऊनशिपच्या वेबसाइटवरून नंबर काढून फोन करा. डीडची कॉपी काउंटी क्लर्ककडे थोडक्या पैशात मिळते.

मुलं चौथीत गेली की राज्याच्या चिन्हांचा प्रोजेक्ट येतो. पक्षी गोल्डफिंच, झाड रेड ओक, कीटक मधमाशी, फळ ब्लूबेरी. ह्यातली मधमाशी 1974 मध्ये हॅमिल्टन टाऊनशिपच्या शाळकरी मुलांनी आग्रह धरला म्हणून कायद्यात आली, हे मुलांना जरूर सांगा. आणि 2019 पासून राज्याचा सूक्ष्मजीवसुद्धा आहे, स्ट्रेप्टोमायसेस ग्रिसियस. 1943 मध्ये रटगर्सच्या प्रयोगशाळेत त्यातूनच स्ट्रेप्टोमायसिन निघालं. आमच्या आजोबांचा टीबी ह्याच इंजेक्शनांनी बरा झाला होता. मुलीला ते सांगितलं तेव्हा तिने प्रोजेक्टमध्ये महाराष्ट्राची चिन्हं असलेल्या शेकरू आणि हरियालच्या शेजारी आजोबांचा फोटो चिकटवला.

एक गोष्ट मात्र मनापासून खटकते. पंधरा ऑगस्टला म्युनिसिपल बिल्डिंगवर तिरंगा चढतो तेव्हा आपली माणसं नटूनथटून येतात, पण त्याच इमारतीत कौन्सिलची मीटिंग असते तेव्हा एकही मराठी चेहरा दिसत नाही. 1975 च्या कायद्याने ह्या मीटिंगा सगळ्यांना खुल्या आहेत आणि बोलायला वेळ राखून ठेवावाच लागतो. मतदान नागरिकांनाच, पण बोलायला एचवन व्हिसावर असलात तरी कोणी अडवत नाही. आमच्या गणपतीच्या परवानगीसाठी मी पहिल्यांदा गेलो तेव्हाच कळलं की रूझवेल्ट पार्क एडिसनमध्ये असलं तरी मालकी मिडलसेक्स काउंटीची, त्यामुळे परवानगीही काउंटीकडूनच. तुम्हीही पिकनिकचं बुकिंग करायच्या आधी पार्क कोणाचं ते विचारा.