अंधारा सिनेमा घरी दाखवताना

जुन्या काळात घडणारा, मनात शिरणारा थ्रिलर अंधारावरच उभा असतो. 2018 चा ‘तुंबाड’ पावसात आणि कंदिलाच्या उजेडात घडतो, तर 2024 चा मल्याळम ‘भ्रमयुगम’ सबंध कृष्णधवल आहे. नुसता प्रोजेक्टर लावून हे दाखवलं की भिंतीवर राखाडी चिखल दिसतो.

प्रोजेक्टर काळा रंग फेकूच शकत नाही, जिथे काळं हवं तिथे तो फक्त उजेड अडवतो. बाहेरच्या दिव्याची तिरीप भिंतीवर आली की तिथला काळा गेलाच. म्हणून आधी खिडक्या. घरातली सोलापुरी चादर पुरते, पण दुहेरी करून. एकेरी चादर दिव्यासमोर धरून पाहा, विणीतून बारीक ठिपके चमकतात. चौकटीबाहेर चारही बाजूंनी ती वीतभर जाऊ द्या, कारण उजेड कडेनेच जास्त शिरतो. राउटरच्या दिव्यावर चिकटपट्टी लावा. मे महिन्यात साडेसातच्या आधी सुरू करू नका.

ऑइलपेंटची भिंत नको, मध्येच चकाकणारा डाग पडतो. चित्र सहा-सात फूट रुंद पुरे. मोठं कराल तेवढं फिकं पडेल. प्रोजेक्टरचा पिक्चर मोड ‘सिनेमा’ ठेवा. मग काळ्या कपड्याच्या चुण्या असलेलं दृश्य थांबवा. चुण्या बुडाल्या तर ब्राइटनेस कमी पडला, चित्राच्या वरखालचे काळे पट्टे राखाडी झाले तर जास्त झाला. अंधारात चौकोनी ठोकळे दिसले तर दोष प्रोजेक्टरचा नाही, नेटचा आहे. सिनेमा आधीच चांगल्या दर्जात डाउनलोड करून ठेवा.

कूलरची घरघर कुजबुज गिळते. तासभर आधी खोली गार करा आणि कूलर बंद ठेवा. छत पत्र्याचं असेल तर आवाजातला बेस, म्हणजे खर्ज, कमी करा, नाहीतर भीतीच्या जागी पत्रा थरथरतो.

आता भाषा. सोलापुरात एकाच खोलीत मराठी, तेलुगू, कन्नड, उर्दू बोलणारे बसतात आणि हिंदी बहुतेक सगळ्यांना कळते, म्हणून सिनेमा शक्यतो हिंदीत लावा. पडका वाडा, शाप, हाव हे सगळं प्रत्येकाने आजीच्या गोष्टींत ऐकलेलंच असतं. भाषेची अडचण दूर झाली की माणसं गुंततात. शिवाय पांढऱ्याधोप सबटायटल्समुळे अंधाराला सरावलेले डोळे पुन्हा दिपतात, आणि खरी गोष्ट तर कोपऱ्यातल्या सावलीत चाललेली असते. हिंदी डबिंग असेल तर पहिली दहा मिनिटं आधी ऐका. कुजबूज बातम्या वाचल्यासारखी सपाट वाटली तर मूळ आवाजच लावा आणि सबटायटल्स बारीक, करड्या रंगात ठेवा.