हरवलेल्या आरसीची डुप्लिकेट प्रत कशी काढायची

आरसी, म्हणजे गाडीचं नोंदणी प्रमाणपत्र, हरवली की पहिली धास्ती असते ती रस्त्यात पोलिसांनी अडवण्याची. ती आधी डोक्यातून काढा. केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या नियम १३९ मध्ये नोव्हेंबर २०१८ मध्ये दुरुस्ती झाली आणि डिजिलॉकर किंवा एमपरिवहन ॲपमधली आरसी मूळ कार्डाइतकीच ग्राह्य ठरली. ती ॲपमध्येच उघडून दाखवायची. कार्डाचा मोबाइलमध्ये काढून ठेवलेला फोटो हा नुसता फोटो असतो, त्याला हा दर्जा नाही. म्हणजे उद्या गाडी बाहेर काढायला हरकत नाही. डुप्लिकेट खरी लागते ती गाडी विकताना, कर्जाचा बोजा उतरवताना किंवा परराज्यात नेण्यासाठी एनओसी, म्हणजे ना-हरकत पत्र, घेताना. आणि नेमकं तेव्हाच गिऱ्हाईक दारात उभं असतं, म्हणून काम आत्ताच उरकून टाकलेलं बरं.

गाडीची खरी नोंद सरकारच्या ‘वाहन’ प्रणालीत असते, हातातलं कार्ड त्या नोंदीची छापील प्रत आहे. नोंद स्वच्छ असेल तर डुप्लिकेटचा अर्ज सरळ जातो. नोंदीत गोंधळ असेल तर कागदांची कितीही चळत जोडा, अर्ज अडकतोच. म्हणून पोलीस ठाण्यात जाण्याआधी नोंद तपासा.

आधी नोंद बघा

एमपरिवहन ॲपमध्ये किंवा परिवहन संकेतस्थळावर गाडीचा नंबर टाकला की मालकाचं नाव, नोंदणीची वैधता, इन्शुरन्स, पीयूसी आणि फायनान्सचा तपशील दिसतो. नाव अर्धवट झाकलेलं असलं तरी स्पेलिंगचा अंदाज येतो. इथे पाच गोष्टी बघायच्या.

पहिली, इन्शुरन्स आणि पीयूसी चालू आहेत का. पॉलिसी कालच काढली असेल तर ती प्रणालीत दिसायला थोडा वेळ लागतो, तोवर थांबा. दुसरी, नोंदणीची मुदत. खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांची असते. ती संपली असेल तर आधी नूतनीकरण, म्हणजे बोलीभाषेतलं पासिंग, आणि त्यासोबत पर्यावरण कर. तिसरी, बोजा. कर्ज कधीचं फिटलेलं असतं, पण बँकेचं नाव नोंदीवरून उतरवायचं राहून गेलेलं असतं. चौथी, थकलेली ई-चलानं. ती भरून टाका, नाहीतर अर्ज तिथेच अडू शकतो. गाडी १ एप्रिल २०१९ पूर्वीची असेल तर एचएसआरपी, म्हणजे उच्च सुरक्षा नंबरप्लेट, बसवली आहे का, तेही याच वेळी बघून घ्या.

पाचवी गोष्ट मोबाइल नंबर, आणि सर्वात जास्त लोक इथेच अडकतात. ओटीपी नोंदीतल्या नंबरवर जातो. गाडी घेताना शोरूमवाल्याने स्वतःचाच नंबर टाकून ठेवलेला असणं किंवा तुमचं जुनं सिम बंद पडलेलं असणं, दोन्ही नेहमीचं. त्यासाठी त्याच संकेतस्थळावर मोबाइल नंबर बदलण्याची वेगळी सेवा आहे. तिथे चेसिस नंबर, इंजिन नंबर आणि नोंदणीची तारीख विचारतात. आरसी नाही, मग हे आकडे आणायचे कुठून? इन्शुरन्स पॉलिसीवर चेसिस आणि इंजिन नंबर पूर्ण छापलेले असतात. गाडी खरेदीचं बिल असेल तर त्यावरही सापडतात.

खरंच हरवली आहे का?

प्रश्न वेडगळ वाटेल, पण अर्जाचा मार्ग त्यावर ठरतो. कार्ड फाटलं, तुटलं किंवा त्यावरची अक्षरं उडाली असतील तर पोलीस तक्रारीची गरज नाही. खराब झालेली आरसी अर्जासोबत जमा करायची की झालं. तरीही काही जण एजंटच्या सांगण्यावरून ‘हरवली’ अशी नोंद करून मोकळे होतात. खोटं निवेदन कशाला लिहून द्यायचं?

आरसी पोलिसांनी कारवाईत जप्त केली असेल, कोर्टात जमा असेल किंवा उसन्या पैशांपोटी कोणाकडे ठेवलेली असेल तर ती हरवलेली नाही. अर्जाच्या फॉर्ममध्ये ती कशी हरवली ते लिहून खरेपणाची सही करावी लागते. पुढे मूळ कार्ड समोर आलं तर ती सही गळ्याशी येते.

पोलीस ठाण्यातली नोंद

नियम ५३ प्रमाणे आरसी जिथे हरवली त्या हद्दीतल्या पोलीस ठाण्यात कळवायचं, आणि डुप्लिकेट मागायची ती ज्या आरटीओकडे गाडीची नोंद आहे त्यांच्याकडे. या दोन जागा वेगळ्या असू शकतात. पुण्याची एमएच १२ गाडी असेल आणि पाकीट कोल्हापूरच्या एसटी स्टँडवर पडलं असेल, तर तक्रार कोल्हापुरात आणि अर्ज पुण्यात. नेमकं कुठे पडलं ते सांगता येत नसेल तर लक्षात आलं ती जागा सांगा.

साधं गहाळ होणं असेल तर एफआयआर लागत नाही, हरवल्याची नोंद पुरते. महाराष्ट्र पोलिसांच्या नागरिक संकेतस्थळावर हरवलेल्या वस्तूंची नोंद घरबसल्या करता येते. नोंद करताना तीन गोष्टी अचूक हव्यात: गाडीचा नंबर, ‘नोंदणी प्रमाणपत्र’ हा शब्द आणि हरवल्याची तारीख. ‘पाकीट व कागदपत्रे हरवली’ एवढंच मोघम लिहिलेली पावती आरटीओच्या खिडकीवरून परत येते. पाकीट चोरीला गेलं असेल तर मात्र गुन्हाच नोंदवा. १ जुलै २०२४ पासून चोरीचं कलम भारतीय न्याय संहितेतलं ३०३ आहे. नव्या फौजदारी प्रक्रियेत हद्द आमची नाही म्हणून तक्रार नाकारता येत नाही. ती शून्य क्रमांकाने घेऊन संबंधित ठाण्याकडे पाठवतात.

अर्ज

फॉर्म आहे २६ नंबरचा. परिवहन संकेतस्थळावर ऑनलाइन सेवांमधून वाहनविषयक सेवा, मग महाराष्ट्र, मग गाडीचा नंबर, अशा क्रमाने गेलं की सेवांच्या यादीत डुप्लिकेट आरसी सापडते. चेसिसचे शेवटचे पाच आकडे टाकायचे, आलेला ओटीपी भरायचा. पुढच्या पानावर कारण निवडावं लागतं: हरवली, चोरीला गेली, फाटली वगैरे. हरवली निवडलं की पोलीस नोंदीचा क्रमांक, तारीख आणि ठाण्याचं नाव विचारतात. पावतीवर जसं आहे तसंच उतरवा, क्रमांकातली तिरकी रेघसुद्धा.

सोबत साधारण हे कागद तयार ठेवा:

- पोलीस नोंदीची पावती किंवा एफआयआरची प्रत
- सही केलेला फॉर्म २६, चेसिसच्या पेन्सिल प्रिंटसह
- चालू इन्शुरन्स आणि पीयूसी
- आरसीवर आहे त्याच पत्त्याचा पुरावा, आधार आणि पॅन
- बोजा असेल तर बँकेचं ना-हरकत पत्र
- गाडी कंपनीच्या नावावर असेल तर लेटरहेडवरचं अधिकारपत्र

काही कार्यालयं प्रतिज्ञापत्रही मागतात. ते करण्याआधी एवढं ध्यानात ठेवा: सरकारी कार्यालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्रावर महाराष्ट्रात २००४ पासून मुद्रांक शुल्क माफ आहे. साध्या कागदावर लिहून नोटरी किंवा कार्यकारी दंडाधिकाऱ्यासमोर सही केली तरी चालतं. स्टॅम्प पेपरसाठी बाहेर टपरीवर पैसे मोजू नका.

आधारवर आधारित फेसलेस मार्ग निवडला तर कार्यालयात जायचा फेरा वाचतो. त्याला अटी दोनच, पण जाचक: आधारला मोबाइल जोडलेला हवा आणि आधारवरचं नाव आरसीवरच्या नावाशी जुळायला हवं. एकीकडे वडिलांचं नाव मधे आहे आणि दुसरीकडे नाही, लग्नानंतर आडनाव बदललं आहे, ‘राव’ किंवा ‘बाई’ कुठे आहे आणि कुठे नाही, असल्या फरकांवर प्रणाली नकार देते. तिच्याशी झटत बसू नका. साधा अर्ज भरा, अपॉइंटमेंट घ्या आणि कागद प्रत्यक्ष नेऊन द्या.

चेसिस प्रिंट

कागदांमध्ये सर्वात जास्त नापास होणारी गोष्ट हीच. दुचाकीत चेसिस नंबर बहुधा हँडलच्या खाली, फ्रेमच्या मानेवर असतो. हँडल पूर्ण एका बाजूला वळवलं की दिसतो. कारमध्ये तो बॉनेटखाली मागच्या पत्र्यावर किंवा पुढच्या सीटखालच्या पत्र्यावर कोरलेला असतो. गाडीच्या माहितीपुस्तिकेत जागा दिलेली असते.

आधी रॉकेलमध्ये भिजवलेल्या फडक्याने तेलकट काजळी पुसा आणि जागा कोरडी करा. पॉलिश पेपर किंवा तारेचा ब्रश बिलकूल लावू नका. अक्षरं घासली गेली तर नंबरशी छेडछाड केल्याचा संशय येतो आणि मग डुप्लिकेट बाजूलाच राहते, गाडीची तपासणी सुरू होते. पातळ कागद नंबरवर घट्ट चिकटवा. मऊ पेन्सिल आडवी धरून एकाच दिशेने हलक्या हाताने फिरवा. कागद सरकला की अक्षरं दुहेरी उमटतात, तो फेकून नवा घ्या. अशा दोन-तीन प्रिंट एकदमच काढून ठेवा. हल्लीच्या गाड्यांचा नंबर १७ अक्षरांचा असतो आणि त्यात इंग्रजी आय, ओ, क्यू ही अक्षरं कधीच नसतात. ओ वाटतंय ते शून्य, आय वाटतंय तो एक. ऑनलाइन भरताना ‘नंबर जुळत नाही’ असं आलं तर आधी हेच तपासा.

पैसे

डुप्लिकेटचं शुल्क मूळ नोंदणी शुल्काच्या निम्मं असतं. डिसेंबर २०१६ च्या दरपत्रकाप्रमाणे दुचाकीला १५० रुपये, खासगी कारला ३००, हलक्या व्यावसायिक गाडीला ५००, अवजड वाहनाला ७५०. आयात केलेल्या कारला २५००. स्मार्ट कार्डाचे २०० वेगळे, शिवाय टपालखर्च. एजंट हजारांत आकडा सांगतो तेव्हा त्यातलं सरकारी शुल्क किती, हे यावरून कळेल. गाडीची नोंद साफ असेल तर एजंटची गरजच नाही. वारसांचा घोळ किंवा खूप जुन्या, प्रणालीत न चढलेल्या आरसी-पुस्तकाचं प्रकरण असेल तर जाणकाराला पैसे देणं समजू शकतो.

पैसे कापले गेले आणि पावती आली नाही, तर लगेच दुसऱ्यांदा भरू नका. अर्ज क्रमांक टाकून आधीच्या व्यवहाराची स्थिती बघा. बँकेकडून खात्री आली की बहुतेक वेळा पावती तिथूनच निघते. आणि व्हॉट्सॲपवर ‘आरटीओ’ किंवा ‘परिवहन’ नावाने आलेली एपीके, म्हणजे मोबाइलमध्ये ॲप बसवणारी, फाइल कधीही उघडू नका. खातं रिकामं करायचा तो सध्याचा ठरलेला डाव आहे. खऱ्या संकेतस्थळाचा पत्ता ‘जीओव्ही डॉट इन’ने संपतो.

एकाच अर्जात काय काय बसवावं

इथे थोडा विचार केला तर दोनदा खर्च टळतो. पत्ता बदलला असेल तर नुसती डुप्लिकेट मागू नका. कार्ड स्पीड पोस्टने आरसीवरच्याच पत्त्यावर जातं, तिथे कोणी भेटलं नाही की ते फिरून माघारी येतं. मग तुम्ही आरटीओच्या खिडकीवर, ओळखपत्र आणि पोस्टाचा क्रमांक हातात घेऊन. पत्ता बदलण्याचा अर्ज डुप्लिकेटसोबतच करा. बोजा उतरवायचा असेल तर बँकेचं ना-हरकत पत्र आणि फॉर्म ३५ घेऊन तेही याच वेळी. मात्र बँकेच्या पत्राची तारीख बघा. ते ठरावीक मुदतीपुरतंच ग्राह्य असतं, मुदत उलटली असेल तर शाखेतून नवं घ्या.

कर्ज अजून चालू असेल तर फॉर्म २६ दोन प्रतींत लागतो आणि त्यावर फायनान्स कंपनीची सही-शिक्का लागतो. दुसरी प्रत आरटीओ शेरा मारून त्यांच्याकडे परत पाठवतं. फायनान्स कंपनीत ही सही मुख्य शाखेतून येते, आणि सगळ्या कामात सर्वात जास्त दिवस तिथेच जातात. म्हणून सुरुवात तिथून करा.

मालक हयात नसेल तर त्याच्या नावाने अर्ज करू नका. मृत्यूनंतर ३० दिवसांत आरटीओला कळवून तीन महिन्यांत फॉर्म ३१ वर वारसाच्या नावाने हस्तांतरण मागायचं असतं. आरसी हरवल्याची पोलीस नोंद त्या अर्जालाच जोडून विचारा.

अर्ज गेल्यावर

अर्जाची स्थिती मधूनमधून बघत राहा. त्रुटी निघाली तर ती तिथेच दिसते, फोन करून कोणी सांगत नाही. बहुतेक त्रुटी किरकोळ असतात: स्कॅन पुसट, फॉर्मवरची सही पॅनवरच्या सहीपेक्षा वेगळी, पोलीस पावतीवर गाडीच्या नंबरात एक आकडा चुकलेला. पहिल्या दोन गोष्टी नवी प्रत चढवून मिटतात. तिसरीसाठी पोलीस नोंदच दुरुस्त करून आणावी लागते.

कार्ड आलं की पाकीट फोडल्याबरोबर त्यावरचं नाव, चेसिस, इंजिन नंबर, इंधन आणि वैधतेची तारीख ताडून पाहा. त्यावर ‘डुप्लिकेट’ असा शेरा असतो, त्याने गाडीच्या किमतीत फरक पडायचं कारण नाही. चौकस गिऱ्हाइकासाठी पोलीस नोंदीची प्रत मात्र जपून ठेवा. जुनं कार्ड नंतर सोफ्याच्या फटीत सापडलं, तर ते आरटीओत जमा करून पोच घ्यायची. दोन्ही जवळ ठेवायला नियमात मुभा नाही.