शेतात हायटेन्शनचा टॉवर येणार असेल तर: पाया खोदण्याआधीची तयारी

गटात खुंट्या रोवलेल्या दिसल्या की पहिलं काम म्हणजे ही लाइन कोणाची, किती केव्हीची (किलोव्होल्टची) आणि कोणत्या आदेशाने येते आहे, हे लेखी मागवणं. वीज कायदा 2003 च्या कलम 164 चा आदेश असेल तर कंपनीला 1885 च्या तार (टेलिग्राफ) कायद्याचे अधिकार मिळतात आणि तुमची पूर्वसंमती लागत नाही. सर्वोच्च न्यायालयानेही हेच सांगितलं आहे. 2023 च्या दूरसंचार कायद्याने तार कायदा गेला खरा, पण पारेषण लाइनींसाठी त्यातल्या तरतुदी चालू ठेवल्या आहेत. 164 चा आदेश नसेल तर मात्र मालकाची संमती किंवा जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. म्हणून आदेशाची प्रत हातात आल्याशिवाय कशावरही सही नको. कोऱ्या पंचनाम्यावर तर नकोच.

जमीन संपादित होत नाही, सातबारा तुमच्याच नावावर राहतो. कंपनीला मिळतो तो फक्त वापराचा हक्क, आणि नुकसान कमीत कमी करून पूर्ण भरपाई देणं तिच्यावर बंधनकारक आहे. तेव्हा भांडायचं ते मुख्यतः मोजमाप आणि भावावर.

कागद आधी सरळ करा. सातबारा, आठ अ, फेरफार, गाव नकाशा, बँक पासबुक. मयत आजोबांचं नाव अजून सातबाऱ्यावर असेल तर वारसनोंद आजच टाका. पैसे अडकतात ते बहुतेक इथे, किंवा तोंडी वाटणी झालेल्या भावाभावांत. विहीर, बोअर, फळझाडं यांची नोंद नसेल तर करून घ्या आणि ई-पीक पाहणी चुकवू नका. शेतात डाळिंब उभं आणि नोंदीत पड, असं झालं की पंचनाम्यात हात बांधले जातात.

आता मोजणी. केंद्र सरकारच्या मोबदल्याबाबतच्या जून 2024 च्या मार्गदर्शक सूचना 66 केव्ही आणि वरच्या टॉवरच्या लाइनींसाठी आहेत: टॉवरखालच्या जमिनीला तिच्या किमतीच्या 200 टक्के, तारांखालच्या पट्ट्याला 30 टक्के. आधीच्या 2015 च्या सूचनांत हेच आकडे 85 आणि कमाल 15 होते. राज्याचा कोणता शासन निर्णय तुमच्या लाइनीला लागू आहे, हे प्रांत कार्यालयातून लेखी घ्या, कारण रक्कम त्यावर ठरते. टॉवरचं क्षेत्र म्हणजे जमिनीलगत चार पायांमधली जागा अधिक प्रत्येक बाजूला एक मीटर. पाय 12 बाय 12 मीटरवर असतील तर 14 बाय 14, म्हणजे 196 चौरस मीटर, जेमतेम दोन गुंठे. सगळे या दोन गुंठ्यांवरच वाद घालत बसतात. 220 केव्हीचा पट्टा मात्र साधारण 35 मीटर रुंद. तुमच्या शेतातून 200 मीटर गेला तर 70 आर. हेक्टरी 20 लाख भाव धरला तर 2024 च्या दराने टॉवरचे 78,400 रुपये होतात आणि पट्ट्याचे 4,20,000. तेव्हा टेप पट्ट्यावर धरा, आणि शंका असेल तर भूमि अभिलेखकडे मोजणीचा अर्ज करा. रेडीरेकनर (जमिनीचा सरकारी दर) बाजारभावापेक्षा फार कमी असेल तर शेजारच्या गटांची खरेदीखतं जोडून हरकत द्या.

पिकाची, झाडांची भरपाई वेगळी. नुकसान तीनदा होतं: पाया खोदताना, टॉवर उभारताना, तार ओढताना. तिन्ही वेळी वेगळा पंचनामा मागा. झाडं प्रकार, वय आणि संख्येसह लिहून घ्या. ठिबकची नळी, पाइपलाइन, तुटलेला बांध हेही. काम सुरू व्हायच्या आदल्या दिवशी तारखेसह फोटो काढा. काँक्रीटचा राडा आणि खालचा मुरूम वर आला तर तो उचलण्याची अट आधीच लेखी घाला, नंतर कंत्राटदार फोन उचलत नाही. रोख पैसे घेऊन ‘यापुढे तक्रार नाही’ असा स्टॅम्पपेपर देऊ नका.

काम अडवायचा मोह होईल. जिल्हाधिकाऱ्यांचा तार कायद्याच्या कलम 16 चा आदेश झाल्यावर अडवलं तर तो गुन्हा ठरतो. मोबदला अपुरा वाटला तर याच कलमाखाली जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज होतो, आणि त्यांचा निर्णय अंतिम असतो. त्यामुळे पंचनामे, फोटो, खरेदीखतं या पहिल्याच अर्जाला जोडा. पुढे त्या जागेवर बांधकाम करायचं ठरलं तर कलम 17 खाली लाइन हलवण्याची मागणी करता येते. मोबदला घेतलेला असेल तर हलवण्याचा खर्च किंवा घेतलेल्या मोबदल्याचा अर्धा भाग, यातली लहान रक्कम तुम्हाला भरावी लागते. म्हणून मोबदल्याच्या पावत्या सातबाऱ्याच्याच फायलीत ठेवा.