स्कायडायव्हिंगचं वेड असेल तर हवेतला कॅमेरामन कसं व्हायचं

हेल्मेटला गोप्रो लावला, विमानातून उडी मारली की झाला स्कायडायव्हिंग फिल्ममेकर, असं बऱ्याच जणांना वाटतं. अजिबात नाही. आधी नीट उडायला शिका, कॅमेरा नंतर, कारण हवेत तुमचं शरीरच ट्रायपॉड आणि क्रेन दोन्ही असतं आणि ते हलत असेल तर कितीही भारी कॅमेरा घ्या, शॉट वाया.

कार्ल बेनिशचं उदाहरण बघा. अमेरिकेतला इलेक्ट्रिकल इंजिनिअर, उड्यांचं वेड इतकं की नोकरी सोडून फ्रीफॉलचं, म्हणजे पॅराशूट उघडायच्या आधीच्या पडण्याचं शूटिंग करायला लागला, तेही १६ एमएमचे जड कॅमेरे डोक्यावर बांधून. १९७८ मध्ये कॅलिफोर्नियातल्या एल कॅपिटान कड्यावरून त्याच्या टीमने उड्या मारल्या, त्या त्याने फिल्मवर घेतल्या आणि तिथूनच बेस जंपिंग, म्हणजे विमानाऐवजी कडा किंवा इमारतीवरून पॅराशूट घेऊन मारलेली उडी, जगाला कळलं. १९८४ ला नॉर्वेतल्या ट्रॉल कड्यावरून बायको जीनबरोबर विक्रमी उडी झाली आणि लगेच पुन्हा दुसऱ्या जागेवरून उडी मारताना तो गेला, वय फक्त ४३. वेडाने करिअर दिलं तसाच जीवही घेतला, म्हणून खालचं सगळं मनापासून सांगतोय.

सुरुवात टँडमने करा, म्हणजे इन्स्ट्रक्टरला बांधून मारलेली उडी, नंतर एएफएफ कोर्स, त्यात इन्स्ट्रक्टर सोबत असतो पण पॅराशूट तुमचं स्वतःचं. अमेरिकन पद्धतीत २५ उड्यांनंतर ए लायसन्स मिळू शकतं, पण कॅमेरा लावायच्या आधी निदान २०० उड्या हव्यात असं तिथली संघटना सांगते. हा आकडा उगीच नाहीये, घाई करू नका. या २०० उड्यांत दुसऱ्यांच्या स्पीडला स्पीड जुळवायला शिका. पोटावर पडताना साधारण ताशी १९० किमी वेग असतो, तुम्ही अंगाने हलके असाल तर वजनाचा बेल्ट लावायचा आणि सूट घट्ट घालायचा, जड असाल तर ढगळ सूट. कॅमेरा सूटला हातापासून कमरेपर्यंत कापडाचे पंख असतात, ते उघडले की तुम्ही हळू पडता, मिटले की जोरात. हे हाताला इतकं बसलं पाहिजे की डोकं फक्त फ्रेमचा विचार करेल.

गिअरमध्ये लेन्स वाइड घ्या आणि फोकस जमिनीवरच लॉक करून ठेवा. फोटोसाठी शटर तोंडात दाताने दाबायच्या स्विचवर असतं कारण हात उडण्यात गुंतलेले, आणि डोळ्यासमोर रिंग साइट, म्हणजे नेम धरायची छोटी रिंग, त्यामुळे डोकं वळेल तिकडे फ्रेम. हेल्मेट एका ओढीत सुटणारं हवंच हवं, कॅनोपीची, म्हणजे पॅराशूटच्या छत्रीची, दोरी कॅमेऱ्यात अडकली तर तोच उपाय, आणि ती ओढ जमिनीवर रोज डोळे मिटून करून बघा. कॅनोपी उघडताना मान सरळ ठेवा, डोक्यावरच्या वजनाचा झटका थेट मानेला बसतो.

टँडमचं शूटिंग करताना १३ हजार फुटांवरून ५ हजारपर्यंत यायला जेमतेम ४५ सेकंद मिळतात. त्यामुळे दार, एग्झिट, समोरून चेहरा, पॅराशूट उघडणं हा क्रम आधीच ठरवा. टँडमच्या थेट डोक्यावर कधीच जायचं नाही, त्यांचं पॅराशूट उघडलं की ते जागीच थांबल्यासारखे होतात आणि तुम्ही थेट त्यांच्यावर आदळाल. स्वतःचा अल्टिमीटर, म्हणजे उंची दाखवणारं मीटर, बघणं शॉटपेक्षा महत्त्वाचं, कितीही सुंदर फ्रेम असली तरी.

आणि गिअर चेक! १९८८ मध्ये नॉर्थ कॅरोलायनात एक अनुभवी जंपर एका विद्यार्थ्याचं आणि इन्स्ट्रक्टरचं शूटिंग करायला विमानातून बाहेर पडला आणि पाठीवर पॅराशूटच नव्हतं. बहुधा शूटिंगच्या सामानातच सगळं लक्ष होतं. त्यामुळे विमानात चढताना आणि दार उघडायच्या आधी, दोन्ही वेळा रिग, म्हणजे पाठीवरचा पॅराशूटचा संच, तपासा, दुसऱ्याकडूनही तपासून घ्या.

कमाईची सुरुवात ड्रॉप झोनवर, म्हणजे स्कायडायव्हिंगच्या मैदानावर, टँडम व्हिडिओने होते, उडी, लगेच एडिट, परत उडी. पुढे जाहिराती, सिनेमे. क्रेग ओब्रायन या हवेतल्या कॅमेरामनने मिशन इम्पॉसिबल फॉलआउट सिनेमातल्या उडीत, अबू धाबीच्या आकाशात, डोक्यावर सिनेमाचा कॅमेरा घेऊन टॉम क्रूझपासून सुमारे ३ फुटांवर राहून शूट केलं, तेही संध्याकाळचा हवा तसा उजेड जेमतेम काही मिनिटं असताना. तिथे फोकस जुळवून द्यायला कोणी नाही, अंतर शरीराने राखायचं.

आपल्याकडे शिकायची सोय कमी आहे, बरेच जण थायलंड, स्पेन, अमेरिकेला जातात आणि खर्च मोठा असतो, हे घरी आधीच स्पष्ट सांगा. पण पुण्याच्या स्कायडायव्हर शीतल महाजनांनी २०१८ ला पट्टायात नऊवारी नेसून मारलेली उडी आपण सगळ्यांनी पाहिली ना, तसे विषय आपल्याकडे भरपूर आहेत, ते हवेत जाऊन टिपणारे मराठी कॅमेरे फार थोडे.

काम मागायला जाताना म्युझिक लावून कापलेली रील देऊ नका, एक तरी उडी एग्झिटपासून कॅनोपी उघडेपर्यंत न कापता दाखवा, समोरचा अनुभवी असेल तर तेवढ्यावरच तुम्हाला ओळखतो.