गळ्यातला दिवा कसा घडवायचा

चादरीवर मोर काढायचा असला तर आधी मशीनला हुक (ताण्याचे धागे उचलणारे आकडे) किती ते बघायचं, शेपटीचं मग. तीस वर्षं सोलापुरात जॅकार्डची, म्हणजे मागावर नक्षी उठवणाऱ्या यंत्राची, भोकांची कार्डं पाडली, त्यातून लागलेली ही सवय. हुकांपेक्षा मोठी नक्षी बसत नाही, आणि नक्षीला खरा आकार येतो तो तिथेच. आता निवृत्त झालोय, भाचीबरोबर गोष्टी लिहितो. अंगातच दिवा असलेल्या लोकांची गोष्ट लिहिताना हीच सवय कामाला आली. तुम्हालाही असा जीव रचायचा असेल तर आम्ही काय केलं ते सांगतो.

आमचा पहिला खर्डा म्हणजे सोलापुरातली गड्ड्याची जत्रा होती. होम मैदानावर रात्री पाळणे फिरतात तशी रोषणाई मी त्या बिचाऱ्यांच्या अंगावर केली होती. कपाळावर लाल, दंडावर हिरवा, पाठीवर जांभळा. भाचीने वाचलं आणि विचारलं, "मामा, यांना कुणापासून लपायचं असलं तर?" वही मिटली.

म्हणून सुरुवात इथून करा: दिवा कशासाठी? काजव्याचा नर उडताना ठरावीक लयीत लुकलुकतो आणि त्याच जातीची मादी त्याला उत्तर देते. पण अमेरिकेतल्या फोट्युरिस जातीची मादी दुसऱ्याच जातीच्या उत्तराची नक्कल करते, नर आला की त्याला खाते. खोल समुद्रातला हॅचेटफिश पोटाखाली उजेड पाडतो तो तर लपायला. वरून झिरपणाऱ्या उजेडात त्याचं अंग खालून काळं दिसलं असतं, ती सावली तो पुसून टाकतो. बोलावणं, फसवणं, लपणं. यातलं एक पक्कं करा.

मग जळण. काजवा स्वतःचं रसायन वापरतो: ल्युसिफेरिन हे जळण, ल्युसिफरेज हे ते पेटवणारं, शिवाय ऑक्सिजन आणि पेशीतली ऊर्जा. उष्णता जवळजवळ नाही आणि लुकलुकणं हातात. दुसरी सोय म्हणजे भाडेकरू ठेवायचे. हवाईजवळच्या समुद्रात बॉबटेल स्क्विड नावाचा अंगठ्याएवढा जीव आहे. त्याच्या पोटातल्या पिशवीत उजळणारे जिवाणू राहतात. पिल्लू जन्मतं तेव्हा अंधारं असतं, जिवाणू ते समुद्राच्या पाण्यातून घेतं. गंमत म्हणजे पुरेशी गर्दी झाल्याशिवाय हे जिवाणू उजळतच नाहीत. आणि रोज पहाटे स्क्विड त्यातले बहुतेक बाहेर हाकलतो. घरमालक असावा तर असा!

आम्ही भाडेकरूंची सोय घेतली, कारण त्यात अडचणी जास्त. आमच्या लोकांचं नाव मिणवे. राहतात जमिनीखालच्या तळ्याकाठी. उजेड निळा, कारण पाण्यातून निळा लांब जातो आणि लाल लवकर मरतो.

अवयवाची रचना कागदावर करण्याआधी एक प्रयोग करा. लाइट गेल्यावर मोबाइलचा टॉर्च मुठीत धरा. बोटांतून लाल उजेड येतो, निळा येत नाही. बाकीचा रक्त-मांस शोषून घेतं. म्हणजे निळा दिवा साध्या कातडीमागे ठेवून चालणार नाही. स्क्विडलाही मागे आरसा, पुढे भिंग आणि वरून झाकायला शाईची पिशवी लागते. आम्ही मिणव्यांच्या गळ्यावर नखासारखी पारदर्शक खिडकी ठेवली आणि तिच्यावर कातडीची झडप. दिवा विझवता येत नाही, फक्त झाकता येतो. माझ्या मते अख्ख्या गोष्टीतला हा एकच निर्णय महत्त्वाचा.

कारण रीतिरिवाज वेगळे सुचवावे लागत नाहीत, ते या झडपेतूनच येतात. भाडेकरूंना मालकाच्या अन्नावर जगायचं, म्हणजे उपाशी माणसाचा गळा मंद. मग कुणाच्या गळ्याकडे टक लावणं म्हणजे "आज घरात भाकरी आहे का?" असं चारचौघांत विचारणं. सभ्य मिणवा झडप ओढूनच पाहुणा जातो. शपथ मात्र उघड्या गळ्याने. बाळ अंधारं जन्मतं, म्हणून बारशाला आजी आपल्या गळ्यातला थेंब त्याच्या गळ्याला लावते. गर्दी जमायला काही रात्री लागतात, तेवढ्या रात्री घरातले सगळे झडपा झाकून पाळण्याभोवती बसतात. आईऐवजी आजी का, यावर आमचं भांडण झालं, भाची जिंकली. माणूस गेला तरी जिवाणू थोडा वेळ जगतात (मेलेली समुद्री मासळीही कधीकधी अशीच अंधारात चमकते), म्हणून गळा विझेपर्यंत रडायचं नाही.

मानपानही याच झडपेतून काढा. आपल्याकडे सिद्धेश्वराच्या यात्रेत सात नंदीध्वज (सजवलेल्या उंच काठ्या) निघतात आणि प्रत्येकाचा मान ठरलेला असतो. मिणव्यांची जत्रा भरली की सगळे गळे उघडे, डोळे दिपतात, समोरचं दिसत नाही. कुणीतरी आधी झाकायला हवं. तो मान सगळ्यांत थोरल्या घराचा. आपल्याकडे दिवा लावायला पाहुणे बोलावतात, त्यांच्याकडे झाकायला.

नावं, कपडे, घरं यांवर फार वेळ घालवू नका. भाषेवर घाला. उजेड म्हणजे ज्ञान आणि अंधार म्हणजे अज्ञान, हे आपलं. ज्यांना झाकणं म्हणजे अदब, ते असं कसं बोलतील? लिहून झालं की एकेक वाक्प्रचार चाळणीतून काढा.

बारशाचा प्रसंग भाचीने एकटीने लिहिला. दोन पानं, चांगली उतरलीत. मी एकच ओळ खोडली. आजीने नातवाला पहिल्यांदा मांडीवर घेतलं तेव्हा "आनंदाने तिचा चेहरा उजळला" असं तिने लिहिलं होतं. मी विचारलं, चेहरा कशाला उजळेल? तिने पेन चावलं आणि खाली लिहिलं, "आजीची झडप मिटायलाच तयार नव्हती."